तळटीप चौदा चूक आहे

मी सातवीनंतर शाळा सोडली ती होडीमुळे. आठवीची शाळा खाडीपलीकडे होती, पलीकडे नेणारी होडी एकच होती आणि तिच्या मालकाशी माझ्या वडलांचं भांडण झालं. भांडण कशावरून, ते पुढे दोघांनाही आठवेना, पण म्हणून ते मिटलं असंही नाही. शेवटी वडलांनी मला मुंबईला पाठवलं. खाडी ओलांडता येईना म्हणून मी थेट लालबागला पोचलो. ही तक्रार नाही. त्या होडीवाल्याचे माझ्यावर उपकारच आहेत. वडलांच्या हयातीत हे तोंडातून काढायची सोय नव्हती, म्हणून आता लिहितो.

लालबागला आमच्या गावाची खोली होती. गावातले गिरणीत लागलेले सगळे बाप्ये तिथेच राहायचे. प्रत्येकाला ट्रंक ठेवण्यापुरती जागा आणि कपड्यांना भिंतीत एक खिळा. खोली दहा बाय बाराची आणि माणसं पंचवीस. हे जमायचं, कारण गिरणीच्या पाळ्या तीन. एक पाळी कामावर, एक पाळी खानावळीत, एक पाळी झोपलेली. मग संप झाला आणि तिन्ही पाळ्या एकदमच घरी आल्या. संपाचे परिणाम शिकलेल्या लोकांनी लिहून ठेवले आहेत, त्यात मी काय भर घालणार. आमच्या खोलीत झालेला पहिला परिणाम एवढाच, की बसायला जागा उरली नाही. अर्धे गावाला निघून गेले, तरी उरलेल्या बारा जणांचे चोवीस गुडघे ठेवायचे कुठे, हा प्रश्न होताच.

मी बदली कामगार, वयाने सगळ्यात लहान आणि स्वभावाने भित्रा. कुणी नुसतं माझ्याकडे पाहिलं तरी मी सरकून जागा द्यायचो. असं सरकत सरकत एके दिवशी मी दाराबाहेर गेलो आणि खुर्ची शोधत निघालो. परळच्या बाजूला एका इमारतीच्या पहिल्या मजल्यावर मोफत वाचनालय सापडलं. तिथे खुर्च्या होत्या. पण पेपर वाचून संपला की उठवतील, अशी मला भीती. म्हणून मी पेपर संपूच द्यायचो नाही. बातम्या झाल्या की वधूवर, वधूवर झाले की निधनवार्ता, मग सरकारी निविदा. चौथ्या दिवशी ग्रंथपालबाई माझ्या मागे येऊन उभ्या राहिल्या.

"धरणाचं टेंडर भरायचंय का तुम्हाला?"

मी उभाच राहिलो. "नाही बाई. चुकलं."

"काय चुकलं?"

मी घाईघाईने पेपराची घडी घालू लागलो. बाई हसल्या आणि म्हणाल्या, "बसा. पुस्तक वाचलंत तर जास्त वेळ बसता येईल." माझ्यासाठी त्या स्वतः जामीन राहिल्या आणि मला कार्ड करून दिलं. आयुष्यात मला कुणी 'तुम्ही' म्हटलं ते तिथे पहिल्यांदा. घाबरून मी मागे वळून पाहिलं होतं, दुसरं कोण आलंय ते.

पुस्तक निवडायचं धाडस नव्हतं, म्हणून कपाटाच्या कडेचं जे हाताला लागलं ते काढलं. हैती नावाच्या बेटावरच्या देवांच्या आणि आफ्रिकेतल्या गोष्टी, मराठीत आणलेल्या. मागच्या पानावर तारखेचे शिक्के मारायचा कागद अगदी कोरा. वाचनालयात पुस्तक आल्यापासून ते कुणीच घरी नेलं नव्हतं. मला बरं वाटलं. आपण कुणाचं तरी पुस्तक अडवून ठेवलंय, ही काळजी तरी नको.

खोलीवर नेलं तसं थोरल्या काकांनी हातात घेऊन वजन करून पाहिलं. हे काका म्हणजे आमच्या खोलीचे कारभारी. तीस वर्षं गिरणीत आणि त्याहून जास्त वर्षं गावच्या देवळात गाऱ्हाणं घालण्यात गेलेली. गाऱ्हाणं म्हणजे आमच्या कोकणातली पद्धत. कुठलंही काम सुरू करण्याआधी एकाने देवाला मोठ्याने सगळं सांगायचं आणि बाकीच्यांनी प्रत्येक वाक्याला "व्हय म्हाराजा" म्हणायचं. काकांशिवाय आमच्या खोलीत नवा स्टोव्हसुद्धा पेटत नसे.

"वाच," काका म्हणाले. "दुपारची झोप येणा नाय."

मी वाचू लागलो. पहिल्याच प्रकरणात एक म्हातारा देव आला. हा देव चारपाच वाटा मिळतात तिथे उभा असतो, हातात काठी, पायाशी कुत्रा. कुठल्याही पूजेत आधी त्याची परवानगी लागते. त्याने फाटक उघडल्याशिवाय बाकीच्या देवांना आत येता येत नाही.

खोलीत एकदम हालचाल झाली. साचेखात्यातला, म्हणजे मागांवर कापड विणणारा, एकजण होता, सगळ्यांची टर उडवणारा. तो उठून बसला. "म्हणजे गेटवालो! आपल्या गेटवाल्यासारखोच, फक्त ह्येका अक्कल दिसता."

"गप रे," काका म्हणाले. "हो तर तिठ्यावरचो देवचार. आपल्याच गावचो." देवचार म्हणजे आमच्याकडचा राखणदार, वाटा मिळतात त्या तिठ्यावर राहून गावची हद्द सांभाळणारा.

"काकानू, ह्या बेट अमेरिकेच्या खाली आसा," मी नकाशा दाखवला.

"मगे? थंय तिठे नसतत?"

मी पान उलटलं. पुढे गुलामांची गोष्ट होती. आफ्रिकेतून माणसं पकडून जहाजात कोंबून त्या बेटावर नेली. सोबत काही घेऊ दिलं नाही, पण देव गेलेच, कारण ते साहेबाला दिसले नाहीत. हे मी वाचलं मात्र, सगळ्यांचं लक्ष खिळ्यांच्या वरच्या फळीकडे गेलं. तिथे आमच्या देवाचा अंगारा पुडीत ठेवलेला होता.

मग मेलेल्यांचं प्रकरण. तिथे म्हणे मांत्रिक मेलेल्या माणसाला उठवून शेतावर राबवतात. त्याला पगार नाही, बोलणं नाही, आणि जेवण बिनमिठाचं. चुकून मिठाचा कण जिभेला लागला, तर त्याला आपण मेलोय हे आठवतं आणि तो हातातलं काम टाकून सरळ निघून जातो.

साचेखातेवाल्याने मांडीवर थाप मारली. "आता कळला! संप कोणी केलान? युनियननं नाय. खानावळवाल्या मावशीन त्या दिवशी आमटीत मीठ जास्त घातल्यान!"

मावशी आमच्या शेजारच्या खोलीत खानावळ चालवायच्या. त्यांनी भिंतीपलीकडून ओरडून सांगितलं, "मेल्यानो, उद्यापासून अळणीच घालतंय. बघूया कोण कामावर जाता तो!"

असं आमचं वाचन दिवसेंदिवस चाललं. सगळ्यात गंमत यायची ती तळटिपांची. भाषांतरकाराने पानोपानी खाली बारीक अक्षरात टिपा दिल्या होत्या आणि त्या नेमक्या सोप्या जागी होत्या. जिथे आम्ही अडायचो तिथे टीप नाही. जिथे आम्हाला सगळं ठाऊक, तिथे अर्धं पान टीप.

तळटीप नऊ: म्हातारा देव लंगडा का आहे, याचा उलगडा होत नाही.

"होत नाय?" काका उठून बसले. "सगळी हद्द रोज चालान फिरता तो. पायात वाणा नाय. पाय दुखतले नाय तर काय? आपण वर्षाक नवी वाणा ठेवतो ती कित्याक?" आमच्याकडे राखणदाराला खरंच चपला वाहतात, आणि वर्षभराने त्या झिजलेल्या सापडतात, असं म्हणतात. मी झिजलेल्या पाहिल्या नाहीत, पण काकांसमोर तसं म्हणणार कोण. "लिव थंय खाली. चपला ठेवा म्हणान."

"लायब्ररीचं पुस्तक आसा काकानू."

"म्हणानच लिवक व्हया. उद्या कोणी दुसरो वाचीत तर तो फसतलो."

"पेन्सिलीन लिवतंय."

"पेन्सिल पुसता. खरी गोष्ट पुसूची कशाक?"

मी निळ्या पेनने लिहिलं. आता विचारलं तर मला कारण सांगता येणार नाही. पेपर संपेल म्हणून घाबरणारा माणूस मी, आणि वाचनालयाच्या पुस्तकात शाईने लिहीत होतो. पण काकांना नाही म्हणणं मला त्याहून कठीण होतं. आणि खरं सांगायचं तर लिहिताना छान वाटत होतं. मग नऊच्या पाठोपाठ अकरा, बारा. आणि तळटीप चौदा: 'अंगात येणे ही आदिम समाजांतील एक मानसिक विकृती असावी.' तिथे काकांनी मजकूरच सांगितला आणि मी तो शुद्ध मराठीत उतरवला: 'तळटीप चौदा चूक आहे. आमच्या गावी दर जत्रेला अंगात येते. तो माणूस दुसऱ्या दिवशी पहिल्या पाळीला हजर असतो. विकृती असती तर खाडा झाला असता.' आणि 'आदिम' ह्या शब्दावर काकांच्या सांगण्यावरून आडवी रेघ.

पुस्तक संपेपर्यंत एकवीस टिपा दुरुस्त झाल्या होत्या.

त्याच आठवड्यात बाईंनी मला बाजूला घेतलं. वाचनालयात मदतनिसाची जागा निघाली होती. पुस्तकं काढून द्यायची, परत आलेली जागेवर लावायची. गिरणी उघडण्याचं लक्षण नव्हतं, आणि गावाला परत जायचं तर वडलांसमोर आणि होडीवाल्यासमोर, दोघांसमोर तोंड दाखवावं लागणार होतं. बाई म्हणाल्या, "खरं तर मॅट्रिक लागतं. पण मी समितीशी बोललेय. रविवारी सकाळी या आणि तुम्ही वाचलेल्या एका पुस्तकावर दहा मिनिटं बोला. नीट बोललात तर शिक्षणाकडे काणाडोळा करतील."

मी त्यांचे इतक्या वेळा आभार मानले की शेवटी त्यांनी मला पाणी दिलं.

"कुठलं पुस्तक?"

मी सांगितलं. बाईंचा चेहरा उजळला. "अहो, मग तर कामच झालं! ते भाषांतर समितीतल्या सरांचंच आहे. पुस्तक घेऊन या हं सोबत. आपलं पुस्तक कुणी वाचलं म्हटल्यावर बिचारे खूष होतील."

मी जिना कसा उतरलो ते आठवत नाही.

खोलीवर हाहाकार झाला. कुणी म्हणालं, लिंबू चोळ. चोळलं. शाई गेली नाही, पण पानाला वास लागला. खानावळवाल्या मावशींनी कपडे धुवायची पावडर ओल्या बोटाने लावली, तर तळटीप अकराला भोक पडलं आणि त्यातून तेरावी टीप दिसू लागली.

"पान फाड," साचेखातेवाला म्हणाला.

"पानांना नंबर असतात रे!"

"नंबर पण फाड."

काका मात्र भिंतीला टेकून शांत बसले होते. "बरोबर लिवलंस मां?"

"होय."

"मगे भियातस कित्याक? चुकलो तो. भिऊचा तर तेणा."

रविवारी मी निघालो तर माझ्यामागे सगळी खोली निघाली. धुतलेले लेंगे, टोप्या, एकाच्या हातात तर नारळ. "कशाला येताय?" मी रडकुंडीला आलो. "तू बोलतलंस, मगे ऐकूक कोण व्हया ना," काका म्हणाले. नारळ तेवढा मी खालच्या पानवाल्याकडे ठेवायला लावला.

समितीत चौघे होते. मधे सर, कॉलेजातून निवृत्त झालेले, इस्त्रीचा पांढरा सदरा, बोलणं एकदम पुणेरी. "या. बसा. नाही, नाही, उभेच राहा. बोलायचंय ना तुम्हाला." मागच्या बाकांवर आमची अकरा माणसं दाटीवाटीने बसली. त्यांना सवयच होती. बाईंनी पुस्तक माझ्या हातून घेतलं आणि प्रेमाने सरांसमोर ठेवलं.

"आदरणीय..." मी म्हटलं. आणि संपलं. पुढचा शब्द येईना. सर घड्याळाकडे पाहायचं नाही म्हणून पंख्याकडे पाहू लागले. बाई ओठांनी काहीतरी सुचवत होत्या, पण मला ते 'पाणी' वाटलं आणि मी पाणी प्यायलो. दुसऱ्यांदा "आदरणीय" म्हटलं. मागून साचेखातेवाल्याचा आवाज आला, "धागो तुटलो."

तेवढ्यात काका उभे राहिले. त्यांनी टोपी सारखी केली, हात जोडले आणि देवळात घालतात त्या आवाजात गाऱ्हाणं सुरू केलं.

"बा देवा म्हाराजा! बा गावच्या राखणदारा! आणि ह्या पुस्तकातल्या, समुद्रापलीकडल्या गेटवाल्या म्हाताऱ्या म्हाराजा!"

"व्हय म्हाराजा!" दहा गळे एकदम. कपाटांच्या काचा थरथरल्या. समितीतल्या एका गृहस्थांनी चष्मा धरला.

"आज ह्यो आमचो झील चार शिकलेल्या माणसांच्या फुडे उभो रवलो असा रे म्हाराजा!"

"व्हय म्हाराजा!"

"तेच्या तोंडाक जा काय कुलूप पडला असात, ता सोडव रे म्हाराजा!"

"व्हय म्हाराजा!"

"आणि हयसर बसलेल्यांका चांगली बुद्धी दी रे म्हाराजा!"

"व्हय म्हाराजा!" ह्या वेळी बाईसुद्धा म्हणाल्या. मी पाहिलं.

आणि माझं तोंड उघडलं. मी म्हटलं, "ह्या पुस्तकात आफ्रिकेतला एक गोष्ट सांगणारा आहे." मागून सवयीने, "व्हय म्हाराजा!" मी म्हटलं, "त्याच्या प्रत्येक वाक्याला 'हो' म्हणायला एक माणूस नेमलेला असतो." "व्हय म्हाराजा!" "कारण 'हो' म्हणणारा नसला तर सांगणाऱ्याचा श्वास अडतो, असं तिथले लोक मानतात." "व्हय म्हाराजा!" मग काय, मी सुटलोच. साहेब देश सोडून गेल्यावर त्याचा कारकून साहेबाच्या बंगल्यात राहायला गेला आणि लोकांना नुसतं नमस्कार करायलासुद्धा रांगेत उभं करू लागला, ती गोष्ट सांगितली. मागून कुणीतरी आमच्या सुपरवायझरचं नाव घेतलं आणि हशा झाला. मिठाची गोष्ट सांगितली तेव्हा समितीतले गृहस्थ पुढे सरकून बसले. दहा मिनिटांची पस्तीस झाली. मी थांबलो तेव्हा मला घाम आला होता आणि भूक लागली होती.

सरांनी पुस्तक उघडलं. त्याला लिंबाचा वास येत होता. एक पान उलटलं, दुसरं उलटलं, मग चष्मा काढून पुसला आणि परत लावला.

"हे निळ्या शाईत कुणी लिहिलं?"

मला वाटलं, संपलं. नोकरीही गेली, खुर्चीही गेली. "मी सर. म्हणजे, अक्षर माझं."

"आणि मजकूर माझो," काका मागून म्हणाले.

सरांनी मोठ्याने वाचलं. "'विकृती असती तर खाडा झाला असता.'" मग मान वर केली. "आणि हे? 'आदिम' शब्दावर काट?"

"आमी आदिम?" काका म्हणाले. "आमी लालबागला रवतो!"

"अहो, ते तुमच्याविषयी नाही, हैतीविषयी आहे."

"तीच माणसां ती. तुमका फरक कळलो नाय."

सर लाल झाले. म्हणाले, ह्या विषयावर त्यांनी सात वर्षं अभ्यास केला आहे. काकांनी विचारलं, अंगात आलेलं कधी बघितलंय का. सर म्हणाले, प्रत्यक्ष नाही. पण ग्रंथांत स्पष्ट म्हटलं आहे, की देव माणसाच्या पाठीवर घोड्यासारखा स्वार होतो. "पाठीर नाय, मानेर," काका म्हणाले. "पाठीर बसलो तर माणूस वाकात. अंगात इलेलो कधी वाकलेलो बघितलास? तो ताठ जाता!" सर म्हणाले, ताठ होणं हे ओझं झुगारण्याचं लक्षण असू शकेल. काका म्हणाले, दाखवतंय. त्यांनी साचेखातेवाल्याला मधे ओढून उभं केलं आणि त्याच्या मानेवर हात दाबला. सरही खुर्ची सोडून आले आणि त्यांनी त्याच्या पाठीवर हात दाबला. साचेखातेवाला एकदा ताठ होई, एकदा वाके, आणि दर वेळी म्हणे, "माका दोनय पटतत. माका आता सोडा."

"सर," बाई हळूच म्हणाल्या, "जागेचं काय करायचं?"

"कसली जागा?" सर भानावर आले. त्यांनी माझ्याकडे असं पाहिलं, जणू मी आत्ताच आलोय. "शिक्षण?"

"सातवी."

"नापास झालात?"

"नाही सर. होडी."

"होडी?"

मी सांगितलं. सगळे हसले. सर हसले नाहीत. त्यांनी पुस्तक परत उघडलं, तळटीप सतरा काढली आणि म्हणाले, "इथे कुत्र्याविषयी मी काहीतरी लिहिलंय आणि तुम्ही खाली नुसतंच 'नाही' लिहिलंय. का, ते लिहिलेलं नाही. कामाला लागलात की पहिल्यांदा ते पूर्ण करा. पेन्सिलीने." मग बाईंकडे वळून, "अहो, आजवर माझ्या तळटिपा कुणी वाचल्या नाहीत. माझ्या बायकोनेसुद्धा नाही." त्यांनी पुस्तक मिटलं. "तीन महिने बघू म्हणावं यांना."

त्या तीन महिन्यांची पुढे सव्वीस वर्षं झाली. आमची गिरणी उघडली नाहीच. खोलीतले बरेचजण गावाला गेले, काही दादरला भाजी विकू लागले, काका गेले. मी मात्र खुर्चीवर राहिलो, ह्याचे आभार कुणाकुणाचे मानायचे ते मला अजून नीट ठरवता आलेलं नाही.

पहिल्या दिवशी बाईंनी मला तेच पुस्तक दिलं. "लावा जागेवर."

"कुठे लावू?"

"आतापर्यंत कोपऱ्यात होतं. आता तुम्ही ठरवा."

मी अर्धा तास पुस्तक घेऊन फिरलो. धर्माच्या कपाटात नेलं, तर बाजूच्या पोथ्या रागावतील असं वाटलं. प्रवासात ठेवलं, पण त्यात कुणी कुठे फिरायला गेलेलं नव्हतं. शेवटी 'मुंबई व कोकण' असं लिहिलेल्या कपाटात, गावांच्या माहितीपुस्तकांशेजारी सरकवलं आणि कुणी पाहिलं का ते पाहिलं. बाईंनी पाहिलं होतं.

तिथून ते पुस्तक जे जाऊ लागलं ते जाऊच लागलं. माझ्यानंतरचा पहिला शिक्का नायगावच्या पोलीस लाइनीतल्या एका निवृत्त हवालदारांचा. ते आपल्या गावच्या देवस्थानाची माहिती शोधत आले होते. आठ दिवसांनी पुस्तक परत आणलं, टेबलावर ठेवलं, आणि मी उठून उभा राहिलो, आता तक्रार येणार म्हणून.

"चांगलंय," ते म्हणाले. "निळ्या शाईतलं जास्त चांगलंय. फक्त पुढच्या आवृत्तीत आमची वाडीपण घ्यायला सांगा."

मी वहीत लिहून घेतलं.